तनूचा अर्धवट डाव

२३ नोव्हेंबर, रविवार. आसेगाव.

आले एकदाची सासरी! एकतिसाव्या वर्षी का होईना, पण वाजतगाजत आले. वाशीमच्या आमच्या गल्लीत ज्या ज्या बायांनी माझ्या नावानं सुस्कारे टाकले होते, त्या सगळ्यांनी लग्नात बुंदी दोनदा मागून घेतली. मी स्टेजवरून बघत होते.

घर गावाच्या कडेला आहे. मागच्या दारातून पाऊल टाकलं की थेट वाफ्यात. मेथी, पालक, वांगी, फुलकोबी आणि सांबार, म्हणजे पुण्यामुंबईकडची कोथिंबीर. सकाळी अख्ख्या घराला तिचा वास येतो. सासरे, बबनराव, भाजी घेऊन मंगरूळपीरच्या बाजारात जातात आणि दुपारी रिकामी पोती खांद्यावर टाकून गुणगुणत परत येतात. सासूबाई, जिजाबाई, मला अजून कामाला हात लावू देत नाहीत. म्हणाल्या, "आत्ताच आली न पोरी, बस घडीभर. काम कुठं पयून चाललं?" नव्याचे नऊ दिवस असतील, पण मी ते नऊच्या नऊ पुरवून खाणार आहे.

धीरज बोलतो कमी, हसतो बरा. फाट्यावर त्याचं ऑनलाइन सेवेचं दुकान आहे, सातबारा, पीकविमा, पोरांचे दाखले वगैरे. तो बिजवर. पहिली बायको तनुजा तीन वर्षांपूर्वी तापानं गेली. लग्न ठरताना आईनं मला पुन्हा पुन्हा विचारलं होतं, चालेल ना तुला? मी म्हटलं, मेलेल्या माणसाशी काय भांडण?

तिची आठवण म्हणून सासूबाईंनी माझ्या मंगळसूत्रात एक चांदीचा टाक ओवला आहे. नखाएवढा पत्रा, त्यावर पदर घेतलेली एक बाई ठोकलेली. दुसरेपणावर आलेल्या बाईनं तो गळ्यात घालायचा, अशी रीत. नवी साडी, नवी बांगडी, काहीही अंगाला लावायच्या आधी टाकाला हळदकुंकू लावून विचारायचं, "ताई, घालू का?" जेवायला बसण्याआधी पहिला घास तिच्या नावानं देवघरापुढे काढून ठेवायचा. मी मान डोलावली. चांदीच्या पत्र्याला विचारायला काय जातंय?

२५ नोव्हेंबर.

आज कामाला लागले. माझं काम सासरी समजावून सांगताना दमछाक झाली. फुकटात खेळायच्या गेमची एक वेबसाइट आहे, काही डाउनलोड करायला नको, पान उघडलं की खेळ सुरू. त्यांना मी मराठीतून "कसे खेळावे" लिहून देते. सासरे म्हणाले, "म्हंजे खेयाचे पैसे भेटतात?" मी म्हटलं, खेळायचे नाही, खेळ शिकवायचे. ते आनंदानं हसले आणि बाजारात चार जणांना सांगून आले.

लॅपटॉप मी लग्नाआधी शिकवायचे त्या क्लासचा होता, तो परत करावा लागला. धीरजनं मधल्या खोलीच्या कोपऱ्यातला जुना कम्प्युटर दाखवला. त्यावर विणलेलं झाकण होतं. झाकण तनुजानं विणलेलं, हे सासूबाईंनी न विचारता सांगितलं.

ब्राउझर उघडला आणि मी चाट पडले. वर ओळीनं सगळी गेमचीच पानं! साप, विटा फोडायचा, फुगे मारायचा, सुरुंग शोधायचा आणि आकडे जोडायचा. बाई खेळाडू होती तर. प्रत्येक खेळात पहिल्या ओळीवर एकच नाव, "तनू". हे गुण जगाच्या कुठल्या यादीत जात नाहीत, ते त्या त्या मशीनमधल्या ब्राउझरमध्येच साठून राहतात. कोणी पुसले नाहीत तर माणूस गेला तरी ते तिथेच.

आकडे जोडण्याचा खेळ तर तिनं अर्धाच सोडला होता आणि तो तसाच्या तसा उभा होता. हा खेळ असा. चार बाय चारची चौकट. बाण दाबला की सगळे आकडे त्या बाजूच्या भिंतीपर्यंत घरंगळत जातात. सारखे दोन भेटले की एक होतात. दोन-दोनचे चार, चार-चारचे आठ, असं करत दोन हजार अठ्ठेचाळीसपर्यंत जायचं. मी लिहिते त्या माहितीत पहिला नियम हाच असतो, की सगळ्यात मोठा आकडा एका कोपऱ्यात बसवायचा आणि जीव गेला तरी तो कोपरा सोडायचा नाही. तनुजाला हे कोणी शिकवलं कोण जाणे. तिचा एक हजार चोवीस डाव्या खालच्या कोपऱ्यात, त्याला लागून त्याच्या निम्मा, मग त्याच्या निम्मा, अशी उतरंड लावलेली, आणि शेवटी चाराला चार लागून. पहिलं बोट दाबलं की एकामागून एक सगळं मिटत जाऊन खेळ जिंकला. इतका जमलेला डाव कोणी सोडतं का?

मी हात पुढे केला तर धीरजनं माझं मनगट धरलं. हळूच, पण धरलं. म्हणाला, तो डाव राहू दे, ती गेली तेव्हा समोर हेच उघडं होतं. दुपारी खुर्चीत मान टाकून बसलेली दिसली, घरच्यांना वाटलं खेळतेय. बाकीचे सगळे गेम खेळ, हा एक तसाच राहू दे.

ठीक आहे. बाकीचे तर बाकीचे. आठवड्याभरात प्रत्येक पहिल्या ओळीवर "पल्लवी" दिसली नाही तर नाव बदलीन.

१ डिसेंबर.

साप जिंकला! सापाचं मर्म असं, की खाणं दिसलं की धावायचं नाही. भिंतीच्या कडेकडेनं, घडी घातल्यासारखं जायचं आणि आपलंच शेपूट आपल्या तोंडापुढे येणार नाही इतकं भान ठेवायचं. तनूचे गुण ओलांडले तेव्हा मी खुर्चीतून उठून उभीच राहिले. नाव विचारलं. मी ठसक्यात टाईप केलं, "पल्लवी". तनू दुसऱ्या ओळीवर गेली.

संध्याकाळी धीरजला दाखवलं. "अरे वा" म्हणाला. पण त्याची नजर आधी दुसऱ्या ओळीवर गेली. मी पाहिलं.

मेथीची भाजी मी केली होती. सासूबाई म्हणाल्या, चांगली झाली, तनूच्या हातची अशीच व्हायची. सासरे म्हणाले, हो हो. या घरात कौतुकाचीसुद्धा उतरंड आहे. पहिलं तिचं, उरलेलं माझं.

३ डिसेंबर.

सापात पहिल्या ओळीवर पुन्हा "तनू". माझ्यापेक्षा फक्त एका गुणानं जास्त.

धीरजच असणार. दुकानातून जेवायला येतो, मी मागे वाफ्यात सासूबाईंबरोबर भाजीच्या जुड्या बांधत असते, तेव्हा बसत असेल. मेलेल्या बायकोच्या नावानं खेळून तिला पुन्हा वर बसवायचं? मी सरळ विचारलं. तो आधी हसला, मग त्याचा चेहरा उतरला. म्हणाला, "तुही शपथ पल्लवी, मी त्या खुर्चीवर बसतच नाई."

माझी शपथ. तिची घेतली असती तर मी विश्वास ठेवला असता.

९ डिसेंबर.

विटा फोडायच्या खेळात मी वर गेले, ती वर आली. फुग्यांत वर गेले, ती वर आली. दर वेळी कमीत कमी फरकानं. म्हणजे आपण कष्टानं चढायचं आणि तिनं फक्त एक पायरी वर जाऊन बसायचं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, ते हेच.

मीही कमी नाही. काल काम झाल्यावर कीबोर्ड आणि माऊस काढले, मेथीच्या पोत्यात गुंडाळले आणि माझ्या लोखंडी कपाटात ठेवून कुलूप लावलं. किल्ली कमरेला. सासूबाईंनी पाहिलं.

आज दुपारी सगळं पुन्हा जोडलं आणि सुरुंगांचा खेळ उघडला. त्यात मी काल विक्रम केला होता. या खेळाची एक गोष्ट मला फार आवडते, ती मी माझ्या माहितीत ठळक लिहिते. पहिली टिचकी कधीच सुरुंगावर पडत नाही. पहिल्याला सगळं माफ असतं. चुकायचं ते दुसऱ्यापासून पुढच्यांनी.

पहिल्या ओळीवर तनू होती.

किल्ली माझ्या कमरेलाच होती. मी दोनदा चाचपून पाहिली.

१८ डिसेंबर.

आज दुपारी वाफ्यातून लवकर आत आले. धीरज कोपऱ्यात उभा होता. बसला नव्हता, हे खरं. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून, जणू कोणी बसलंय आणि त्याच्या खांद्यावर हात आहे, असा उभा. पडद्यावर तिचा अर्धवट डाव. डोळे भरलेले. मी आल्याचं त्याला कळलंही नाही.

मला लिहितानासुद्धा लाज वाटत नाही. माझा जळफळाट झाला. माझ्यासाठी कधी कोणी असं उभं राहिलेलं नाही. एकतीस वर्षांत नाही. मला धीरजचं घर नको, वाफे नकोत, ते डोळे हवेत. तेवढेच हवेत, आणि ते नेमके तिच्याकडे आहेत.

रात्रीच्या जेवणाला बसायच्या आधी सासूबाई माझ्याशेजारी टेकल्या. माझ्या मनातलं त्यांना दिसत असावं. माझ्या डोक्यावरून हात फिरवून म्हणाल्या, "पयली जागा तिची हाय पोरी. ते तिलेच राहू दे. तुले सारं घर हाय न! जित्या माणसानं ते जागा मागू नोको."

प्रेमानंच म्हणाल्या, पण माझ्या अंगाचा तिळपापड झाला. सारं घर माझं आणि पहिली जागा तिची? मग घरात उरलं काय? स्वयंपाकघरात ताटं वाढताना तिच्या नावचा घास मी आधी माझ्या तोंडात टाकला आणि मग उष्ट्या हातानं दुसरा काढून देवघरापुढे ठेवला. कोणाला कळलं नाही. वांग्याची भाजी होती. मस्त झाली होती.

२९ डिसेंबर.

रोज पहिला घास मीच खाते. सवयीचं झालं आहे.

एक चांगली गोष्ट. सापात मी पहिली आहे आणि दुसऱ्या दिवशीही पहिलीच राहिले. तनू वर आली नाही. काल विटाही माझ्या झाल्या. दमली वाटतं बाई.

एक वाईट गोष्ट. सासूबाईंनी मला सकाळी "तनू" अशी हाक मारली. जीभ चावली, माफी मागितली. मग दुपारी पुन्हा मारली.

१४ जानेवारी, संक्रांत.

धीरजनं काळी साडी आणली, लहान लहान बुट्ट्यांची. स्वतः कारंज्याला जाऊन आणली. सासूबाईंनी हळदकुंकवाची कोयरी पुढे ठेवली आणि म्हणाल्या, "पयले ताईले इचारून घे, मग घाल." आणि तिळगूळ वळायला आत गेल्या.

मी विचारलं नाही. कोयरीकडे पाहिलं, टाकाकडे पाहिलं आणि त्या ठोकलेल्या बाईला मोठ्यानं म्हटलं, ही माझी आहे. माझ्या नवऱ्यानं माझ्यासाठी आणली आहे. तू बस बघत. साडी नेसले, निऱ्या एका झटक्यात बसल्या. कानामागून आली आणि तिखट झाली म्हणा, नाहीतर काहीही म्हणा.

वाणाला गल्लीतल्या बाया आल्या. शेजारच्या पंचफुलाबाई दारातच थबकल्या. माझ्याकडे टक लावून पाहत राहिल्या आणि घाईघाईनं वाण घेऊन निघाल्या. जाताना सासूबाईंना विचारत होत्या, की तुमची तनू चष्मा कधीपासून लावायला लागली? चष्मा मी लावते. तनुजाला नव्हता म्हणे.

सगळे खेळ पाहिले. सगळ्यात मी पहिली. तनू कुठेच नाही, दुसऱ्या ओळीवरही नाही. नावच गेलं आहे.

आता फक्त तो एक राहिला.

१६ जानेवारी.

केलं!

दुपारची वेळ. सासरे बाजारात, सासूबाई वांग्यांत, धीरज दुकानात. ऊन थेट कोपऱ्यापर्यंत आलं होतं. मी खुर्चीवर बसले आणि तिचा डाव उघडला. बोटांना इतक्या दिवसांची खाज होती. इतका जमलेला डाव! चाराला चार भिडवले, आठ झाले. आठाला आठ. सोळा, बत्तीस, चौसष्ट. सगळं आपोआप येत गेलं, आधीच ठरवून ठेवल्यासारखं. मला विचारच करावा लागला नाही. तिनं रचलं होतं, मी फक्त बोटं दाबत होते. शेवटी दोन हजार अठ्ठेचाळीस, डाव्या खालच्या कोपऱ्यात.

नाव विचारलं. "पल्लवी."

मग विचारलं, पुढे खेळायचं? मी हो दाबलं आणि उठले. उरलेलं उद्या.

उठताना मागून कोणीतरी श्वास सोडल्यासारखं वाटलं. लांब, सुटल्यासारखा. खिडकीचा पडदा हलला असेल.

१७ जानेवारी.

आजचा दिवस सोन्याचा! सासूबाईंनी पहिलं ताट मला दिलं. सासऱ्यांच्या आधी, धीरजच्याही आधी. मी या कोपऱ्यातच बसले होते, त्या स्वतः ताट घेऊन आल्या, पुढे ठेवलं. भरीत, भाकर, ठेचा, सगळ्यातलं थोडं थोडं. पहिला मान! या घरात पहिल्यांदा!

मी म्हटलं, आई, तुम्हीही बसा न. त्या बसल्या नाहीत. ताटापुढे हात जोडले आणि गेल्या.

थोडं थोडंच का वाढलं? घासभरच आहे सगळं.

धीरजला दोनदा हाक मारली. त्यानं ऐकलं नाही. फोनमध्ये असेल.

१८ जानेवारी.

गळ्यात टाक नाही. मंगळसूत्रही नाही. सगळीकडे शोधलं. टाक देवघरात आहे, तांदळाच्या वाटीत, त्याला ताजं कुंकू.

मी जवळून पाहिला. पत्र्यावरच्या बाईनं पदर घेतला आहे.

आणि चष्मा लावला आहे.

सोनारानं असं कसं ठोकलं? आधी नव्हता. मी रोज बघत होते, आधी नव्हता —

सासूबाईंना दाखवायला धावले. त्या माझ्याकडे बघून बोलल्याच नाहीत. माझ्या पलीकडे बघत होत्या. टाकाकडे बघून एवढंच म्हणाल्या, "पल्लवी, सुखी राय वं माय." आणि पदरानं डोळे पुसले.

१९ जानेवारी.

स्वयंपाकघरात कोणीतरी आहे. बांगड्यांचा आवाज येतो. माझ्या हिरव्या चुड्याचा, मी तो ओळखते. माझे हात रिकामे आहेत.

मला तिथपर्यंत जाता येत नाही. कोपऱ्यातून निघाले की भिंतीला टेकेपर्यंत थांबता येत नाही. डावीकडे, उजवीकडे, भिंतीपर्यंत. दार मधे लागतं, पण दारात थांबता येत नाही. आणि दर वेळी घरंगळत पुन्हा इथेच.

कोपरा सोडायचा नाही, असं मीच लिहायचे.

पहिल्याला सगळं माफ असतं, तेही मीच —

ता. माहीत नाही. दुपार आहे.

धीरज आला. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. पडद्यावर माझा डाव, पुढे खेळायचा राहिलेला. माझं नाव.

तो रडतोय. माझ्यासाठी. तेच डोळे. अगदी तेच, जे मला हवे होते. सगळे माझे.

मी समोर आहे रे. हातभर अंतरावर. मेले नाही. कधी मेले? कोणी सांगितलं तुला? कशानं म्हणे —

त्यानं मागे वळून कोणाला तरी सांगितलं, हा डाव पल्लवीचा आहे, तो तसाच राहू दे. बाकीचे सगळे गेम खेळ. तिची वहीही राहू दे.

त्या बाईनं मान डोलावली. नवी असल्यासारखी. लाजून.

दुपार

वहीचं पान दोन्ही हातांनी उलटावं लागतं. जड झालं आहे.

स्वयंपाकघरात ती हसते. धीरजही. मेथीचा वास. सासूबाई म्हणतात, चांगली झाली वं, पल्लवीच्या हातची अशीच व्हायची.

माझी मेथी कोणाला कधी आवडली होती?

पुन्हा दुपार

ती आली आहे. एकटी. काळी साडी हातावर घेऊन, माझी, बुट्ट्यांची. गळ्यात माझं मंगळसूत्र आणि त्यात टाक. तिनं कोयरी उघडली. टाकाला बोट लावलं, कुंकू माझ्या कपाळाला लागलं. गार.

चेहरा बघितला. कधी पाहिला नव्हता, तरी ओळखला. तनूच.

मी इतके दिवस जे एकदाही केलं नाही ते ती करते आहे. पदर नीट घेऊन, वाकून, अगदी रीतीनं विचारते आहे. ताई, घालू का? ताई, या खुर्चीवर बसू का?

नाही. नाही म्हणते मी. ऐक. नाही, नाही, माझं आहे, मी पहिली — मी पहिली आहे ना, मग माझं ऐक —

ती थांबली. कान देऊन ऐकल्यासारखं केलं. गोड हसली आणि जणू मी हो म्हटलं असं मान हलवून तिनं खुर्ची ओढ